हिल्डाबाईंचा सोफा

परवा सेरंगूनला आमच्या कॉन्डोच्या फंक्शन रूममध्ये दिवाळीचा फराळ झाला. पुण्याहून नुकताच आलेला एक इंजिनियर, सुट्टीच्या दिवशीही गळ्यात ऑफिसच्या ओळखपत्राचा पट्टा, माझ्या शेजारी येऊन बसला आणि सिंगापूरचं कौतुक करू लागला. रस्ते काय, एमआरटी मेट्रो काय, कुणी थुंकत नाही काय. मग चकलीचा शेवटचा तुकडा तोंडात टाकून म्हणाला, "आजी, आपल्याकडे ना, पाच वर्षं एक हिटलर पाहिजे. सुतासारखे सरळ होतील सगळे." आजूबाजूच्या चौघांनी माना डोलावल्या. त्याची बायको मागे प्लेट धरून उभी होती, ती तेवढी खाली प्लेटकडेच बघत राहिली. मराठी माणूस कुठंही गेला तरी हे वाक्य लोणच्याच्या बरणीसारखं बरोबर नेतो. विमानतळावर लोणचं तरी अडवतात, हे कुणी अडवत नाही. मी ते पहिल्यांदा नीट ऐकलं तेव्हा माझ्या अंगावर मोरपंखी साडी होती, हातात पोह्यांचा ट्रे होता, आणि ते वाक्य मला आवडलं होतं. आवडलं कसलं, मी विरघळले होते. म्हणून त्या मुलाच्या अंगावर मी एकदम धावून गेले नाही. अशा माणसाच्या अंगावर धावून जायचं नसतं, हे मला हिल्डाबाईंनी शिकवलं.

इथंच, सिंगापुरात नोव्हेनाला, आता जिथं माझ्या गुडघ्यांचे डॉक्टर बसतात, साधारण तिथंच आमचं घर होतं. लिफ्टमधून वर जाताना मी दर वेळी अंदाज करते की आमची मोरी कुठल्या मजल्याशी आली असेल. दुमजली, ओळीतलं घर. वर आम्ही भाड्यानं राहायचो, खाली हिल्डाबाई. बाबा इंग्रजांच्या गोदीत इंजिनियर होते. मधली जमीन, म्हणजे आमची जमीन आणि हिल्डाबाईंचं छत, नुसत्या फळ्यांची. त्यामुळे दोन्ही संसार एकमेकांच्या कानात राहायचे. खालून सकाळपासून टाइपरायटर खडखडायचे, कारण हिल्डाबाई पुढच्या खोलीत टायपिंगचा क्लास चालवायच्या, मीही तिथंच शिकायचे. वरून आईचा वरवंटा घरघरायचा. वाटण फार वेळ चाललं की हिल्डाबाई केरसुणीच्या दांड्यानं छत ठोकायच्या आणि आई हातातल्या वरवंट्यानं जमीन ठोकून उत्तर द्यायची. हे भांडण नव्हतं. थोड्या वेळानं हिल्डाबाई हात पुसत वर यायच्या आणि आमच्या स्वयंपाकघरात पाटावर बसून बटाटे सोलायच्या.

बटाटे सोलावेत तर हिल्डाबाईंनी. साल इतकी पातळ निघायची की पलीकडचं दिसावं, आणि एका बटाट्याची एकच अखंड साल. बोलताना त्यांचं हाताकडे लक्षही नसायचं. आई त्या बटाट्यांच्या काचऱ्या करायची, हिंग-मोहरीची फोडणी, वर ओलं खोबरं. हिल्डाबाई त्या पावाबरोबर खायच्या आणि दर वेळी म्हणायच्या, "आमच्या लष्करात असं कुणी केलं असतं, तर युद्ध वर्षभर आधी संपलं असतं."

लष्करात! हा शब्द मी पकडला. मी तेव्हा विशीत होते आणि जगात बघण्यासारखी माणसं फक्त दोन प्रकारची असतात अशी माझी समजूत होती, शूरवीर आणि मी. गणपतीत मंडळाच्या वक्तृत्व स्पर्धेत मी झाशीच्या राणीवर बोलून चषक मिळवला होता, मूठ आवळून, आवाज चिरेपर्यंत. तो चषक मी रोज पुसायचे. अशा मुलीला कळलं की खालच्या बाई ज्यू आहेत, जर्मनीतून जीव घेऊन इंग्लंडला पळाल्या आणि तिथं गणवेश चढवून हिटलरविरुद्ध लढल्या. पुढच्या गणपतीचं भाषण घरातच सापडलं की!

"तुम्ही काय केलंत युद्धात?" मी विचारलं.

"बटाटे सोलले."

"नाही, पण लढलात कशानं?"

त्यांनी हातातली सुरी वर धरली. "यानं."

मग त्यांनी सांगितलं ते असं. इंग्लंडनं त्यांना आसरा दिला आणि लगेच शत्रूही ठरवलं, कारण पासपोर्ट जर्मन. हिटलरनं ज्यांना घरातून हाकललं त्यांच्यावरच हिटलरचे हेर म्हणून संशय. लढू द्या म्हणून हे लोक दारात उभे, आणि लष्कर म्हणालं, बरं, पण बंदूक नाही मिळायची. बायकांना स्वयंपाकघर, पुरुषांना फावडी. हिल्डाबाईंचे यजमान व्हायोलिन वाजवायचे. त्यांच्या तुकडीत दोन वकील, एक दातांचा डॉक्टर आणि एक संस्कृतचा प्राध्यापक होता. सगळे मिळून गटारं खणायचे. "इंग्लंडमध्ये इतकी सुशिक्षित गटारं पुन्हा झाली नाहीत," हिल्डाबाई म्हणाल्या. पुढे बऱ्याच खटपटीनंतर यजमानांना खरी बंदूक मिळाली. पण आधी नाव बदला म्हणाले, म्हणजे पकडले गेलात तर ज्यू म्हणून वेगळे काढून मारणार नाहीत. त्यांनी एक इंग्रजी नाव घेतलं आणि त्या नावानं जर्मनीच्या वाटेवर मेले. कबरीवर अजून तेच नाव आहे. हिल्डाबाईंनी कधी फुलं वाहायला जायचं म्हटलं तरी दगडावर परकाच माणूस.

"आणि तुम्ही? बटाट्यांनंतर?"

"नंतर ऑफिसात घेतलं. टायपिंग."

टायपिंग! माझा चेहरा पडला. पूल नाही उडवला, पॅराशूट नाही, दातात विषाची गोळी नाही. मी त्या भाषणाचा नाद सोडला. आज वाटतं, त्या पोरीला समोर बसवावं आणि तिच्या चषकानंच तिच्या डोक्यात टोला द्यावा. नवरा गेलेली बाई समोर बसून बटाटे सोलते आहे, आणि ही विचार करते आहे की यात टाळ्या कुठं पडणार!

त्याच सुमाराला गोदीतले इंग्रज निघून जाणार अशी बातमी पक्की झाली. इंग्रज गेले की बाबांची नोकरी त्यांच्याबरोबर बोटीत चढणार. बाबा रात्री जेवताना नुसता भात कालवत बसायचे. त्या काळजीतून त्यांना एकच गोष्ट सुचली. नोकरी आहे तोवर पोरीचं लग्न उरकून टाकू. स्थळही सापडलं. मुलगा श्रीकांत, इथल्या एका बँकेत होता. त्याचे वडील मुलासाठी सून पसंत करायला पुण्याहून आले होते. त्यांना सगळे कॅप्टनसाहेब म्हणत. कॅप्टनसाहेबांनी लष्करात ब्लँकेटं आणि चहाच्या पेट्या मोजल्या होत्या हे मला बऱ्याच वर्षांनी कळलं, पण मिशा मात्र रणांगणावरच्या होत्या. बाबा त्यांना गोदीच्या क्लबात भेटून आले आणि घरी येऊन आईला म्हणाले, "मी त्यांना सांगून टाकलंय, आमचा होकारच समजा. ते येतील ते नुसतं रीत म्हणून."

"अहो, पण शालूला विचाराल की नाही?"

"शालूला काय विचारायचंय? बघ तिच्याकडे."

खरंच विचारायची गरज नव्हती. मी श्रीकांतला देवळात एकदा लांबून पाहिलं होतं. उंच, पांढरा शर्ट, भांग असा की पट्टीनं आखावा. तेवढ्यावर मी मनातल्या मनात आमच्या मुलांची नावं ठेवून मोकळी झाले होते.

अडचण एकच होती. आमच्याकडे सोफा नव्हता. दोन वेताच्या खुर्च्या, त्यातल्या एकीतून बसणारा खाली जायचा. हिल्डाबाईंकडे सोफा होता, गडद हिरवा, इतका मऊ की बसलं की माणसाला उठावंसं वाटू नये. क्लासच्या वेळी त्या तिथं कुणालाही बसू देत नसत. आई त्यांच्याकडे गेली आणि संकोचून म्हणाली, पाहुणे तुमच्या खोलीत बसवले तर चालेल का? हिल्डाबाई म्हणाल्या, "का नाही? सोफा त्यासाठीच असतो." टाइपरायटर झाकून भिंतीशी लावले, आईनं वर पोहे केले, आणि मी ट्रे घेऊन जिना उतरले.

कॅप्टनसाहेब सोफ्यात रुतले होते, शेजारी श्रीकांत. बाबांनी हिल्डाबाईंची ओळख करून दिली. या आमच्या शेजारी, मूळच्या जर्मन. झालं! कॅप्टनसाहेबांचा चेहरा उजळला. मराठी सोडून ते इंग्रजीवर आले. "जर्मन! मॅडम, तुमच्या देशाला माझा सलाम. हिटलर! काय माणूस! काय शिस्त! आमच्या लोकांना असाच एक पाहिजे, सुतासारखे सरळ होतील." त्यांना वाटलं, मॅडम खूश होतील. परदेशी पाहुणा शिवाजी महाराजांबद्दल चांगलं बोलला की आपल्याला बरं वाटतं, तसंच हे.

बाबांचा चेहरा पिठासारखा पांढरा झाला. ते काही बोलायला तोंड उघडणार एवढ्यात हिल्डाबाईंनी त्यांच्या बाहीला हलकेच हात लावला. मग कॅप्टनसाहेबांकडे वळून म्हणाल्या, "वा! नीट टेकून बसा ना. चहा आणखी घ्या. शिस्तीबद्दल ऐकायला मला फार आवडतं."

आणि मी? मी ट्रे धरून उभी, आणि मनात म्हणते आहे, बघा, किती तडफदार घर! हिल्डाबाईंनाही पटलं!

पोहे देऊन झाल्यावर मला वर पाठवलं. मोठ्यांच्या बोलण्यात मुलीचं काय काम. जिन्याशी हिल्डाबाई दूध आणायच्या निमित्तानं आल्या आणि माझ्या कानाशी म्हणाल्या, "वर जाऊन चटई बाजूला कर. आईलाही बसव. ऐका. नुसतं ऐका." आमच्या मधल्या खोलीत फळीची एक गाठ निसटून भोक पडलं होतं, त्यावर आम्ही चटई टाकायचो. ते भोक नेमकं सोफ्याच्या वर होतं. हिल्डाबाईंना ते ठाऊक होतं, हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. आमच्या घरातली सगळी भांडणं त्यांनी सोफ्यावर बसून ऐकली असणार.

आई आणि मी डोकं डोक्याला लावून जमिनीवर आडव्या पडलो. भोकातून कॅप्टनसाहेबांचं टक्कल आणि श्रीकांतचा भांग दिसत होता. मी भांगाकडे पाहत राहिले. खाली हिल्डाबाईंचा आवाज फार कमी येत होता. एवढंसं वाक्य, मग कपात चहा ओतल्याचा आवाज. "खरंच?" "आणि मग?" "घरातसुद्धा?" बस्स. बाकी सगळे कॅप्टनसाहेब. आधी बटालियन झाली, मग सोसायटीतल्या नळाचं भांडण झालं, मग थोरली सून आली. थोरली सून न विचारता माहेरी पत्र लिहायची. एकदा तर उलट बोलली. "मी काय केलं, मॅडम? हात नाही लावला. आम्ही सुसंस्कृत माणसं. माडीवरच्या खोलीत ठेवली, जेवण बंद. बाहेर आली ती सुतासारखी सरळ! आजतागायत मान वर करत नाही."

"एकट्यानं हे सगळं सांभाळणं अवघड गेलं असेल," हिल्डाबाई म्हणाल्या. आवाजात नुसती काळजी.

"छे, हा होता ना. वहिनीच्या खोलीची कडी यानंच लावली. थोरला हळवा आहे, तो बाहेर जाऊन उभा राहिला. हा माझ्यावर गेलाय."

आणि श्रीकांत हसला. देवळात मी ज्याच्यावर मुलांची नावं ठेवली तो पट्टीनं आखलेला भांग जरा हलला आणि तो म्हणाला, "पाणी पण देऊ नका म्हणाले होते बाबा. मी संध्याकाळी दिलं." बाप-लेक दोघंही हसले. असे हसले की त्यात लपवण्यासारखं काही आहे असं त्यांना वाटतच नव्हतं.

पाहुणे गेले. आम्ही खाली आलो. हिल्डाबाई सोफ्याच्या उशा झटकत होत्या. त्यांनी मला विचारलं, "काय ऐकलंस?"

मी म्हणाले, "श्रीकांतनं तिला पाणी दिलं." आणि खरं सांगते, मला ते प्रेमळ वाटलं होतं! वक्तृत्वाचा चषक मिळवलेली, इंग्रजी शिकलेली, मिनिटाला चाळीस शब्द टाइप करणारी मुलगी. माझ्या दोन्ही कानांच्या मध्ये त्या वेळी नुसती सनईची रेकॉर्ड फिरत होती.

हिल्डाबाई आईकडे वळल्या. आईचं इंग्रजी मॅट्रिकपुरतं होतं. ती एकच शब्द म्हणाली. "कडी."

"हं," हिल्डाबाई म्हणाल्या, आणि सोफ्याची उशी जागेवर ठेवली.

मग आईनं पदर खोचला आणि बाबांकडे वळली. "अहो, त्यांना निरोप पाठवा. आमचा नकार आहे."

"अगं, मी शब्द दिलाय. होकार समजा म्हणून सांगून बसलोय. आणि माझी नोकरी..."

"तुमची नोकरी जाऊ दे गोदीच्या पाण्यात. शब्द तुम्ही दिलाय, पोरगी मी दिलेली नाही." आईला बाबांसमोर असा आवाज चढवताना मी तोवर पाहिलं नव्हतं. बाबा हिल्डाबाईंकडे वळले, जरा चिडूनच. "मॅडम, तुम्ही त्याच्या हो ला हो कशाला लावत बसलात? तुम्ही तर... तुमच्या घरच्यांचं... तुम्ही त्याला तिथंच गप्प करायला हवं होतं."

"गप्प केलं असतं," हिल्डाबाई म्हणाल्या, "तर तो भला माणूस म्हणून घरी गेला असता. आणि तुमची मुलगी त्याच्याबरोबर."

बाबांनी एकदा त्या सोफ्याकडे पाहिलं. मग छत्री घेऊन निरोप द्यायला गेले. मी मात्र आठवडाभर रडले. जेवले नाही. हिल्डाबाईंशी बोलले नाही, क्लासला गेले तर मुद्दाम चुकीची बटणं दाबली. एक उत्तम संसार एका म्हातारीच्या चहापायी मोडला अशी माझी खात्री होती. हिल्डाबाई माझा कागद बघायच्या आणि तेवढंच म्हणायच्या, "पुन्हा." नोकरीचं म्हणाल तर गोदीतले इंग्रज गेले आणि बाबांना दुसरीकडे काम मिळालं, कमी पगाराचं. मी शाळेत शिकवणाऱ्या एका अगदी अव्यवस्थित केसांच्या माणसाशी लग्न केलं. त्यानं जन्मात कशाला कडी लावली नाही, घराच्या दारालाही नाही. आमच्याकडे दोनदा चोरी झाली.

पुष्कळ वर्षं गेली. हिल्डाबाई ऐंशी ओलांडून गेल्या, आणि त्या दिवसांत कधीतरी इंग्रजांनी युद्धातली बरीच गुपितं खुली केली. एका दुपारी त्या माझ्याकडे आल्या, माझ्या स्वयंपाकघरात बसल्या, आता पाटाऐवजी खुर्चीवर, आणि बटाटे पुढ्यात ओढून म्हणाल्या, "आता सांगायला परवानगी आहे. ऐक." मी नुसतं ऐकलं. एवढं तरी शिकले होते.

बटाट्यांनंतर त्यांना खेड्यातल्या एका मोठ्या बंगल्यात नेलं होतं. पकडलेले जर्मन अधिकारी तिथं ठेवले होते. कोठडीत नव्हे. त्यांना मऊ सोफे दिले, वर्तमानपत्रं दिली, वाइन दिली, बागेत फिरू दिलं. दरडावून विचारलं असतं तर ते ताठ बसले असते. सोफ्यावर बसवल्यावर एकमेकांना बढाया मारू लागले. दिव्यांत, फुलदाणीत, खिडकीच्या चौकटीत मायक्रोफोन होते. शेजारच्या इमारतीत कानाला यंत्र लावून निर्वासित बसले होते, त्यांच्यातले बरेचसे ज्यू, कारण बढाई आईच्या भाषेत मारली जाते आणि ती भाषा यांचीही आईचीच होती. कुठल्या कारखान्यात कसलं शस्त्र चाललंय, कुठल्या बंदरात काय उभं आहे, सगळं त्या सोफ्यांवर सांडलं. "टायपिंग," हिल्डाबाई म्हणाल्या. "मी खोटं नव्हतं सांगितलं."

सुरी थांबली नाही. "एका दुपारी दोघं जण एका आगगाडीबद्दल बोलत होते. माझ्या गावाहून पूर्वेकडे आलेली गाडी. गावाचं नाव त्यानं नीट उच्चारलं. जंगलातल्या खड्ड्यांपाशी उतरवून सगळ्यांना ओळीनं उभं केलं म्हणाला. त्या दिवशी थंडी फार होती, हातमोजे विसरले होते म्हणून त्याला त्रास झाला. दुसरा म्हणाला, अरेरे." त्यांच्या बोटांखाली साल उलगडत होती. "माझे आईवडील त्याच गाडीत होते. मी टाइप केलं. सगळं. एकही अक्षर चुकलं नाही."

मला आठवलं, मी चुकीची बटणं दाबायची आणि त्या म्हणायच्या, पुन्हा. साल अखंड खाली पडली. त्यांनी दुसरा बटाटा घेतला आणि म्हणाल्या, "तुझी आई काचऱ्या जरा जास्त करपवायची. तशाच कर."

तर परवाचा तो इंजिनियर. आजूबाजूच्यांच्या माना डोलून झाल्या होत्या आणि तो माझ्याकडे बघत होता, आजी काय म्हणते म्हणून. मी त्याला माझी कोपऱ्यातली गुबगुबीत खुर्ची दिली. "अरे, नीट टेकून बैस. ही करंजी घे, माझ्या हातची आहे." पलीकडे माझी नात फोनवर होती. तिनं मान वर केली, मला पाहिलं आणि तिच्या सिंगापुरी इंग्रजीत कण्हली. "आजी, नॉट अगेन, लाह." मी तिच्याकडे लक्ष दिलं नाही.

"शिस्तीबद्दल ऐकायला मला फार आवडतं," मी त्याला म्हटलं. "हिटलर आला की सुरुवात कुठून करायची रे?"

तो खुलला. रस्त्यांपासून सुरुवात झाली, मग राजकारणी, मग कामवाल्या बायका. दुसरी करंजी संपेपर्यंत तो घरी पोचला होता. "आता बघा आजी, घरातसुद्धा शिस्त लागते. हिचं बँकेचं कार्ड मी माझ्याकडेच ठेवतो. फोन रोज बघतो. व्हिसाच्या पासवर माझी डिपेंडंट आहे ना ती, मी सही केली नाही तर तिला इथं..."

मागे प्लेट धरून उभ्या असलेल्या त्या मुलीनं मान वर केली. तिची नजर त्याच्यावरून माझ्यावर आली आणि तिथंच थांबली. मी शेजारची खुर्ची तिच्याकडे सरकवली आणि ताटातली तिसरी करंजी त्याच्या हातात ठेवली.

"खरंच?" मी म्हटलं. "आणि मग?"